एकाच भरतीत निवड, नियुक्ती मात्र नऊ महिने उशिरा : ज्येष्ठता कोणत्या तारखेपासून धरावी?

प्रश्न (हवालदार, जिल्हा पोलीस घटक)

नमस्कार. मी राज्यातील एका जिल्हा पोलीस घटकात हवालदार आहे. २०१० च्या पोलीस शिपाई भरतीच्या अंतिम निवड यादीत माझा एकत्रित गुणवत्ता क्रमांक ३१ होता. साक्षांकन नमुना (पूर्वचारित्र्याची माहिती देण्याचा अर्ज) भरताना गावातील भांडणावरून माझ्यावर दाखल झालेला, आणि ज्यातून मी निर्दोष सुटलो होतो तो, एक गुन्हा मी स्वतःहून नमूद केला होता. त्यामुळे माझे प्रकरण चारित्र्य पडताळणीच्या टप्प्यावर निर्णयासाठी वर गेले आणि तेथेच राहिले. माझ्या यादीतील इतरांना नोव्हेंबर २०१० मध्ये नियुक्ती आदेश मिळाले, मला मात्र ऑगस्ट २०११ मध्ये मिळाला. आदेश हाती आल्यानंतर आठवड्याच्या आत मी हजर झालो आणि मला प्रशिक्षणाच्या पुढील सत्रात पाठवण्यात आले.

२०१९ मध्ये घटकाची ज्येष्ठता यादी पाहण्यास मिळाली, तेव्हा माझे नाव २०१० च्या भरतीतील शेवटच्या उमेदवाराच्याही खाली असल्याचे दिसले. मी ८ जुलै २०१९ रोजी यथायोग्य मार्गाने निवेदन दिले. त्याची आवक क्रमांकासह पोच माझ्याजवळ आहे, परंतु उत्तर आजवर आलेले नाही. २०२१ मध्ये गुणवत्तेत माझ्या खाली असलेल्या पाच सहकाऱ्यांना पदोन्नती मिळाली, मला ती २०२३ मध्ये मिळाली. आता १ जानेवारी २०२४ रोजीची यादी प्रसिद्ध झाली असून हरकतींसाठी पंधरा दिवसांची मुदत दिली आहे, आणि सहायक पोलीस उपनिरीक्षक पदाच्या पदोन्नत्या याच यादीवरून होतील असे दिसते.

आस्थापना शाखेत विचारणा केली असता, ज्येष्ठता हजर झाल्याच्या तारखेवरूनच धरली जाते आणि सर्वोच्च न्यायालयाच्या मेघचंद्र सिंग निर्णयानंतर मागील तारखेची ज्येष्ठता मिळतच नाही, असे तोंडी सांगण्यात आले. हे बरोबर आहे का? बरोबर नसेल, तर २०१९ पासून गेलेला काळ माझ्या आड येईल का? जाणकारांनी कृपया मार्गदर्शन करावे.

उत्तर १ (निवृत्त कार्यालय अधीक्षक, आस्थापना)

आपल्याला जे तोंडी सांगितले गेले ते लेखी मागा. लेखी देताना नियमाचा क्रमांक लिहावा लागतो, आणि तेथेच पंचाईत होते.

आपल्या नियुक्तीच्या वेळी महाराष्ट्र नागरी सेवा (ज्येष्ठतेचे विनियमन) नियम, १९८२ लागू होते. त्यातील नियम ४ च्या पोटनियम (१) मध्ये सर्वसाधारण तत्त्व आहे की, ज्येष्ठता त्या पदावरील किंवा संवर्गातील सलग सेवेच्या कालावधीवरून ठरेल. आस्थापनेवरील बहुतेक कर्मचारी एवढेच वाचून थांबतात. पोटनियम (२) ची सुरुवात मात्र पोटनियम (१) मध्ये काहीही म्हटले असले तरी, अशी आहे, आणि त्याच्या खंड (क) मध्ये स्पष्ट तरतूद आहे की, एकाच तुकडीत निवडलेल्या सरळसेवेच्या (म्हणजे थेट भरतीच्या) उमेदवारांची आपापसांतील ज्येष्ठता निवड करणाऱ्या प्राधिकाऱ्याने लावलेल्या पसंतीक्रमानुसार ठरेल. त्यासाठी अट एवढीच की, नियुक्ती आदेश निघाल्यापासून तीस दिवसांत, किंवा सक्षम प्राधिकाऱ्याने वाढवून दिलेल्या मुदतीत, उमेदवार हजर झालेला असावा. हे तीस दिवस प्रत्येकाच्या स्वतःच्या आदेशापासून मोजायचे असतात, तुकडीतील पहिल्या माणसाच्या आदेशापासून नव्हे. आपण आठवड्यात हजर झालात, म्हणजे अट पूर्ण झाली. नियम ५ मध्ये मानीव दिनांक (प्रत्यक्ष नियुक्ती नंतरची असली तरी कागदोपत्री धरायची आधीची तारीख) देण्याची तरतूद आहे ती अशाच प्रसंगांसाठी, की ज्यात यादीतील स्थान आणि प्रत्यक्ष नियुक्तीची तारीख यांचा मेळ बसत नाही.

२०२१ मध्ये ज्येष्ठतेचे नवे नियम आले असले, तरी आपले स्थान २०१० च्या निवडीतून आणि २०११ च्या नियुक्तीतून ठरलेले आहे. म्हणून हरकत १९८२ च्या नियमांच्या आधारे लिहावी.

चूक होते कशी, तेही सांगतो. यादी तयार करणारा लिपिक सेवापुस्तकाचे पहिले पान उघडतो, शासकीय सेवेत रुजू झाल्याचा दिनांक उतरवून घेतो आणि संगणकावर त्या रकान्याप्रमाणे नावे क्रमाने लावतो. गुणवत्ता यादी भरतीच्या संचिकेत असते, ती संचिका अभिलेख कक्षात असते, आणि ती काढून आणण्याची तसदी सहसा कोणी घेत नाही. यात दुष्टावा नसतो, पण एकदा चुकीचा क्रम लागला की पुढील प्रत्येक यादी मागील यादीवरूनच उतरवली जाते.

दोन गोष्टी लगेच करा. पहिली, नियुक्ती आदेशातील अटी शांतपणे वाचा. ज्येष्ठतेबाबत वेगळी अट घातलेली असेल आणि ती आपण मान्य करून हजर झाला असाल, तर तिचे उत्तर आधी तयार ठेवावे लागेल. दुसरी, माहिती अधिकारात २०१० ची एकत्रित गुणवत्ता यादी मागवा. प्रवर्गनिहाय निवड यादी उपयोगाची नाही, कारण आरक्षणाची बिंदुनामावली कोणत्या प्रवर्गाला किती जागा ते ठरवते, आपापसांतील ज्येष्ठता नव्हे. मात्र माहिती येण्याची वाट पाहत हरकतीचे पंधरा दिवस घालवू नका.

उत्तर २ (पदोन्नतीने उपनिरीक्षक)

वरील उत्तराचा आदर राखून दुसरी बाजू मांडतो, कारण अशा प्रकरणांत ज्यांची नावे खाली सरकतात त्यांची बाजू कोणी मांडत नाही.

ज्या पाच जणांना २०२१ मध्ये पदोन्नती मिळाली, त्यांनी नोव्हेंबर २०१० पासून नोकरी केलेली आहे. यादी कार्यालयाने केली, त्यांनी नव्हे. प्रश्नकर्त्यांच्या प्रकरणात झालेल्या विलंबाशी त्यांचा काडीचाही संबंध नाही. तेरा-चौदा वर्षांनी यादी उलटसुलट झाली, तर त्यांचे पुढील पदोन्नतीचे गणितच बिघडते. लागलेला क्रम न्यायालयीन आदेशाने विस्कटला की काय होते, ते आमच्या खात्याने २०१८ मध्ये पाहिले आहे. विभागीय परीक्षा उत्तीर्ण होऊन, नाशिकच्या महाराष्ट्र पोलीस अकादमीत प्रशिक्षण पूर्ण केलेल्या १५४ उपनिरीक्षकांवर पदोन्नतीतील आरक्षणाच्या वादात महाराष्ट्र प्रशासकीय न्यायाधिकरणाच्या (मॅट) निर्णयामुळे मूळ पदावर परतण्याची वेळ आली होती. तो विषय वेगळा होता हे मला मान्य आहे, पण खांद्यावर तारे लागल्यानंतर ते उतरवण्याची वेळ येणे म्हणजे काय, हे त्यांच्या घरच्यांना विचारावे.

कायद्याच्या दृष्टीनेही, के. मेघचंद्र सिंग विरुद्ध निंगम सिरो या १९ नोव्हेंबर २०१९ च्या निर्णयात सर्वोच्च न्यायालयाने म्हटले आहे की, जो माणूस त्या तारखेला संवर्गात आलेलाच नव्हता, त्याला त्या तारखेची ज्येष्ठता मागता येत नाही. तो निर्णय मणिपूरच्या पोलीस सेवेबाबतचाच आहे. बिहार राज्य विरुद्ध अरबिंद जी (२०२१) या प्रकरणातही न्यायालयाने मागील तारखेची ज्येष्ठता नाकारली. तेव्हा आस्थापना शाखेने सांगितले ते अगदीच निराधार आहे असे मला वाटत नाही.

उत्तर ३ (वकील, महाराष्ट्र प्रशासकीय न्यायाधिकरण)

दोन्ही उत्तरे वाचली. मेघचंद्र सिंग निर्णयाचे नाव अलीकडे प्रत्येक ज्येष्ठतेच्या वादात घेतले जाते, म्हणून त्यातील वाद काय होता ते आधी पाहू.

मणिपूरच्या त्या प्रकरणात पदोन्नतीने आलेले अधिकारी मार्च २००७ मध्ये संवर्गात आले होते आणि सरळसेवेचे अधिकारी त्याच वर्षी ऑगस्ट व नोव्हेंबरमध्ये नियुक्त झाले. आपल्या जागा ज्या वर्षी रिक्त झाल्या त्या वर्षावरून आपल्याला पदोन्नतांच्या बरोबरीने किंवा वर धरावे, अशी सरळसेवेच्या अधिकाऱ्यांची मागणी होती. ती फेटाळताना न्यायालयाने २०१२ चा एन. आर. परमार निर्णयही पुढील काळापुरता रद्द ठरवला. म्हणजे वाद दोन वेगवेगळ्या मार्गांनी आलेल्या लोकांमधील होता. आपल्याकडे असा वाद उपनिरीक्षक पदावर उद्भवतो, कारण तेथे ५० टक्के जागा लोकसेवा आयोगामार्फत सरळसेवेने, २५ टक्के मर्यादित विभागीय परीक्षेतून आणि २५ टक्के ज्येष्ठतेनुसार पदोन्नतीने भरल्या जातात. प्रश्नकर्त्यांचा वाद मात्र एकाच जाहिरातीतून, एकाच निवड यादीतून आलेल्या शिपायांमधील आहे. त्या पाच जणांची आणि यांची तुकडी एकच आहे. शिवाय मेघचंद्र सिंग निर्णयातील तत्त्व २०२२ मध्ये मोठ्या पीठाकडे विचारार्थ पाठवण्यात आले आहे, हेही तो निर्णय पुढे करणाऱ्यांनी ध्यानात ठेवावे.

अरबिंद जी प्रकरणातील तत्त्व असे आहे की, सेवेत येण्यापूर्वीच्या तारखेची ज्येष्ठता नियमांत तशी तरतूद नसेल तर देता येत नाही. आपल्याकडे नियम ४(२)(क) ही तरतूदच आहे, तेव्हा तो निर्णय येथे विरोधात जात नाही. उलट सी. जयचंद्रन विरुद्ध केरळ राज्य (२०२०) हा निर्णय आपल्या बाजूने वाचण्याजोगा आहे. त्यात जिल्हा न्यायाधीश पदाच्या निवडीत गुणांच्या चुकीच्या फेरबदलामुळे मागे पडलेला आणि नंतर नियुक्त झालेला उमेदवार होता. विलंबात त्याचा दोष नसल्याने त्याला त्याच निवडीतील गुणवत्तेप्रमाणे ज्येष्ठता मिळाली. आपण गुन्हा लपवला नव्हता, तो स्वतः नमूद केला होता, आणि शेवटी सक्षम प्राधिकाऱ्याने आपल्याला पात्रच ठरवले. हा भाग हरकतीत ठळकपणे यायला हवा.

आता ज्याची मला खरी काळजी वाटते तो मुद्दा, म्हणजे विलंब. पोलीस शिपायाच्या सेवाविषयक तक्रारीसाठी प्रथम मॅटमध्येच जावे लागते. एल. चंद्रकुमार (१९९७) निर्णयानंतर थेट उच्च न्यायालयात जाता येत नाही, मॅटच्या निर्णयाविरुद्ध मात्र खंडपीठापुढे जाता येते. प्रशासकीय न्यायाधिकरण अधिनियम, १९८५ च्या कलम २१ नुसार अंतिम आदेशापासून एक वर्षात मूळ अर्ज दाखल करावा लागतो. निवेदनाला सहा महिन्यांत उत्तर आले नाही, तर ते सहा महिने संपल्यापासून एक वर्ष मिळते. आपले निवेदन ८ जुलै २०१९ चे आहे. सहा महिने जानेवारी २०२० मध्ये संपले आणि पुढील एक वर्ष जानेवारी २०२१ मध्ये संपत होते. कोविडच्या काळातील मुदतींबाबत सर्वोच्च न्यायालयाने १५ मार्च २०२० ते २८ फेब्रुवारी २०२२ हा कालावधी वगळला, त्याचा लाभ घेतला आणि उरलेले जवळपास दहा महिने १ मार्च २०२२ पासून मोजले, तरी गाडी डिसेंबर २०२२ च्या अखेरीस थांबते. त्यानंतर कितीही स्मरणपत्रे दिली तरी मुदत पुन्हा जिवंत होत नाही, हे सी. जेकब (२००८) निर्णयापासून पक्के झालेले आहे.

ज्येष्ठतेबाबत न्यायालये अधिकच कडक आहेत. तरसेम सिंग (२००८) निर्णयात हा फरक नीट सांगितला आहे : वेतन किंवा निवृत्तिवेतन चुकीचे मिळत असेल, तर त्याचा परिणाम दुसऱ्या कोणावर होत नाही, म्हणून उशिरा आलेल्यालाही काही दिलासा मिळू शकतो. ज्येष्ठता आणि पदोन्नतीत मात्र इतरांचे स्थिरावलेले हक्क हलतात. शिबा शंकर महापात्र (२०१०) निर्णयात तीन ते चार वर्षे हा वाजवी काळ मानून, त्यापुढे येणाऱ्याने विलंबाचे समाधानकारक कारण द्यावे असे म्हटले आहे. उत्तर २ मधील सद्गृहस्थांची व्यथा कायद्याने ऐकली आहे ती येथे.

म्हणून सर्व काही एका प्रश्नावर येऊन थांबते. २०१९ ची यादी तात्पुरती होती की अंतिम? तिच्या मथळ्यावर आणि अग्रेषण पत्रात काय छापले आहे, ते पाहून कळवा.

प्रश्नकर्ता

सर्वांचे मनःपूर्वक आभार. २०१९ च्या यादीची छायाप्रत काढून पाहिली. मथळ्यावर ‘तात्पुरती ज्येष्ठता यादी’ असे छापले आहे आणि अग्रेषण पत्रात हरकतींचा विचार करून अंतिम यादी प्रसिद्ध केली जाईल असे वाक्य आहे. माझ्या माहितीप्रमाणे अंतिम यादी त्यानंतर निघालीच नाही. २०२१ च्या पदोन्नतीच्या आदेशात ‘तात्पुरत्या ज्येष्ठता यादीच्या अधीन राहून’ असा उल्लेख आहे. २०२४ ची यादीही तात्पुरतीच आहे. माझ्या नियुक्ती आदेशात ज्येष्ठतेबाबत कोणतीही वेगळी अट नाही.

वकील

मग चित्र बरेच बदलते. तात्पुरती यादी हा अंतिम आदेश नव्हे. हरकती मागवणे म्हणजे निर्णय अजून व्हायचा आहे असे प्रशासनानेच सांगणे होय. आपल्या २०१९ च्या हरकतीवर निर्णय न देता २०२४ ची यादी काढली गेली, याचा अर्थ प्रश्न प्रशासनाने स्वतःच उघडा ठेवला. सरकारी बाजूने सादरकर्ता अधिकारी २०२१ च्या पदोन्नत्यांकडे बोट दाखवून आपण तेव्हा गप्प का बसलात असे विचारेलच, परंतु ‘अधीन राहून’ हे शब्द त्याच्या विरोधात जातात. तरीही मूळ अर्जासोबत सावधगिरी म्हणून विलंबमाफीचा अर्ज जोडावा. त्याने आपली बाजू दुबळी होत नाही.

आता फक्त हरकत नोंदवा. तिच्यात निवड यादीतील क्रमांक, नियुक्ती आदेशाचा व हजर झाल्याचा दिनांक, नियम ४(२)(क) आणि २०१९ च्या निवेदनाचा आवक क्रमांक एवढे यावे. आठ पानांची कैफियत लिहू नये, ती कोणी वाचत नाही. अंतिम यादी आपल्या विरुद्ध निघाली, की तेथून एक वर्ष धरा, परंतु सहायक उपनिरीक्षक पदाच्या विभागीय पदोन्नती समितीची बैठक त्याआधी लागली, तर वर्ष संपण्याची वाट न पाहता मॅटमध्ये येऊन अंतरिम आदेश मागावा लागेल.

अर्ज करताना दोन गोष्टी सांभाळा. ज्यांची नावे आपल्याखाली जातील त्या सर्वांना प्रतिवादी करा. बाधित होणाऱ्यांना न ऐकता दिलेला आदेश टिकत नाही, हे प्रबोध वर्मा (१९८४) निर्णयापासून ठरलेले आहे, आणि केवळ या एका उणिवेमुळे चांगली प्रकरणे गेलेली मी पाहिली आहेत. आणि त्या पाच जणांची २०२१ ची पदोन्नती रद्द करा अशी मागणी करू नका. त्यांना लागलेली पदोन्नती तशीच ठेवून, २०२१ चा मानीव दिनांक आणि यादीत गुणवत्तेप्रमाणे स्थान एवढेच मागा. मधल्या काळातील वेतन फरकाचा आग्रह धरायचा की केवळ काल्पनिक वेतननिश्चितीवर (थकबाकी न घेता कागदोपत्री वेतन ठरवण्यावर) समाधान मानायचे, हा आपला निर्णय, पण माझ्या मते कमी मागणाऱ्याला न्यायाधिकरण लवकर ऐकते.

आणखी एक सदस्य (आंतरजिल्हा बदलीने आलेला)

याच धाग्यात विचारतो. पत्नीच्या नोकरीमुळे मी स्वतः विनंती करून दुसऱ्या जिल्ह्यात बदली घेतली. तेथे मला यादीत शेवटी टाकले आणि आता म्हणतात की पदोन्नतीसाठी लागणारी सेवाही नव्याने मोजणार. दोन्ही गोष्टी योग्य आहेत का?

निवृत्त कार्यालय अधीक्षक

पहिली योग्य, दुसरी नाही. शिपायांची ज्येष्ठता घटकनिहाय असते. विनंती बदलीने आलेल्याला नव्या घटकात शेवटचे स्थान मिळते, आणि तशी हमी आपण बदलीच्या अर्जासोबत लिहून दिली असणार. ती सही आता नाकारता येणार नाही.

मात्र ज्येष्ठता गेली म्हणून केलेली नोकरी पुसली जात नाही. पदोन्नतीसाठी अमुक वर्षांची सेवा हवी अशी अट असेल, तर जुन्या घटकातील सेवा त्या पात्रतेसाठी मोजावी लागते. रेणू मलिक (१९९४) आणि व्ही. एम. जोसेफ (१९९८) या सर्वोच्च न्यायालयाच्या निर्णयांत हा भेद स्पष्ट केलेला आहे. आश्वासित प्रगती योजनेच्या (पदोन्नती न मिळाल्यास ठरावीक सेवेनंतर वरची वेतनश्रेणी) लाभासाठीही सेवा खंडित झाली नाही ना, हे सेवापुस्तकात तपासून घ्या. बदलीच्या नोंदीत कार्यमुक्त आणि हजर या दोन तारखांमध्ये पदग्रहण अवधीखेरीज (नव्या ठिकाणी हजर होण्यासाठी मिळणाऱ्या दिवसांखेरीज) मोकळे दिवस राहिले असतील, तर ते आताच नियमित करून घ्यावेत.